रीमा लागू आणि पडद्यावरच्या आईच्या वयाचे गणित

१/ १८ मे २०१७ च्या पहाटे अंधेरी पश्चिमेच्या कोकिलाबेन धीरूभाई अंबानी रुग्णालयात रीमा लागू यांचे हृदयविकाराने निधन झाले. वय ५८. आदल्या संध्याकाळपर्यंत त्या एका दैनंदिन मालिकेच्या चित्रीकरणात होत्या. त्यानंतर आलेल्या श्रद्धांजलीपर लेखांत एक शब्द वारंवार दिसला : ‘आई’. अमक्याची आई, तमक्याची आई, हिंदी पडद्याची लाडकी आई. आजचा धागा या शब्दाविषयी आहे. तो खोटा नाही, परंतु अपुरा आहे, आणि त्या अपुरेपणात आपल्या चित्रपटसृष्टीच्या इतिहासातील एक जुनी अडचण दडलेली आहे.

२/ माझे म्हणणे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढील वाचन सोपे जाईल. रीमा लागू यांनी आईच्या भूमिका केल्या याबद्दल हळहळण्याचे कारण नाही. त्या भूमिका त्यांनी उत्तम केल्या. हळहळ वाटावी ती याची की हिंदी चित्रपटाने त्यांना तिशीच्या उंबरठ्यावर आई केले आणि पुन्हा त्या उंबरठ्याच्या अलीकडे येऊ दिले नाही. मराठी रंगभूमीने आणि काही अंशी दूरदर्शनने ते दार उघडे ठेवले. म्हणून त्यांची कारकीर्द केवळ चित्रपटांवरून लिहिली गेली तर ती निम्मीच लिहिली जाईल.

३/ प्रथम चरित्राचा सांगाडा. जन्म २१ जून १९५८. माहेरचे नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे या मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री. त्यामुळे पडद्याच्या मागची बाजू मुलीने फार लवकर पाहिली. लहानपणी ‘बेबी नयन’ या नावाने चित्रपटांत छोटी कामेही केली. शिक्षण पुण्याच्या हुजूरपागेत. शाळेतच अभिनयाचे अंग दिसू लागले होते. १९७८ च्या सुमारास अभिनेते विवेक लागू यांच्याशी विवाह झाला. पुढे दोघे विभक्त झाले, तरी रीमा लागू हेच नाव कायम राहिले आणि तेच महाराष्ट्राच्या ओळखीचे झाले.

४/ यात एक तपशील असा आहे की जो आजच्या वाचकाला नवलाचा वाटेल. नाटकांत आणि चित्रपटांत कामे करीत असतानाच त्या मुंबईत युनियन बँकेत नोकरी करीत होत्या, आणि ती त्यांनी सुमारे दहा वर्षे केली. त्या पिढीतील कितीतरी मराठी कलावंतांची हीच रीत होती. बँक, आयुर्विमा, रेल्वे, महापालिका, वीजमंडळ यांच्या पगारावर घर चाले आणि संध्याकाळी नाटक चाले. प्रयोगाचे मानधन, ज्याला नाटकवाले ‘नाइट’ म्हणतात, त्यावर संसार उभा करणे फार थोड्यांना शक्य होते. मराठी रंगभूमीच्या इतिहासात हजेरीपटाचा हा वाटा कोणीतरी सविस्तर लिहिला पाहिजे.

५/ चित्रपटांतील आरंभ पाहा. १९७९ चा जब्बार पटेल यांचा ‘सिंहासन’, १९८० चा गोविंद निहलानी यांचा ‘आक्रोश’, १९८१ चा श्याम बेनेगल यांचा ‘कलयुग’. तिन्ही ठिकाणी भूमिका लहान. परंतु तिन्ही दिग्दर्शक असे की जे नट निवडताना चेहऱ्याच्या गोडव्यापेक्षा त्याच्या तयारीकडे पाहत. एकवीस ते तेवीस या वयात या तीन नावांच्या हाताखाली काम केलेली अभिनेत्री पुढे कोणत्या वाटेने जाईल, याचा अंदाज त्या वेळी कोणी बांधला असता तर ‘नायकाची आई’ हे उत्तर कोणाच्याही मनात आले नसते.

६/ रंगभूमीवर तर चित्र अधिकच वेगळे होते. जयवंत दळवी यांच्या ‘पुरुष’ या नाटकात नाना पाटेकर यांच्या गुलाबरावासमोर रीमा लागू यांची अंबिका उभी होती. सत्तेच्या जोरावर अत्याचार करणारा पुढारी आणि तो अत्याचार सोसून, न्यायाची सर्व दारे ठोठावून, शेवटी स्वतःच शिक्षा देणारी शिक्षिका. ऐंशीच्या दशकातील मध्यमवर्गीय प्रेक्षकाला अस्वस्थ करणारे हे नाटक होते. अंबिकेची भूमिका दुबळी पडली असती तर नाटक गुलाबरावाचे होऊन बसले असते, कारण खलनायक नेहमीच अधिक झगमगतो. तोल राखण्याची जबाबदारी नायिकेची होती.

७/ दुसरे नाटक शेखर ताम्हाणे यांचे ‘सविता दामोदर परांजपे’. एका स्त्रीच्या देहात दुसऱ्या स्त्रीचे अस्तित्व वावरते, अशी त्याची मध्यकल्पना. पडद्यावर हे काम प्रकाश, संकलन आणि ध्वनी वाटून घेतात. रंगमंचावर मात्र एकाच अभिनेत्रीला, एकाच वेशात, दोन हजार डोळ्यांसमोर एका स्त्रीतून दुसरीत शिरावे लागते. तेही आवाज, मान, पाठीचा कणा आणि नजर एवढ्याच साधनांनी. हे नाटक रीमा लागू यांच्या नावाने ओळखले गेले. पुढे २०१८ मध्ये त्यावर चित्रपट निघाला तेव्हाही जुन्या प्रेक्षकांना प्रथम त्यांचीच आठवण झाली.

८/ अंबिका आणि सविता. एकीत सामाजिक संतापाचा जाळ, दुसरीत मनाच्या तळघरातील भीती. याखेरीज ‘घर तिघांचं हवं’, ‘झाले मोकळे आकाश’ यांसारखी नाटके वेगळीच. ही सारी कामे मुंबईत आणि महाराष्ट्रभर चालू असताना, १९८८ च्या एप्रिलमध्ये हिंदी पडद्यावर एक चित्रपट आला आणि त्याने त्यांच्या कारकिर्दीचा नकाशा बदलला. चित्रपटाचे नाव ‘कयामत से कयामत तक’. त्यात रीमा लागू जुही चावला यांच्या आई होत्या. आईचे वय २९, मुलीचे २०.

९/ आता गणित सलग मांडू. १९८९ अखेरीचा ‘मैंने प्यार किया’ : आईचे वय ३१, मुलगा सलमान खान २४, अंतर साडेसात वर्षे. १९९० चा ‘आशिकी’ : मुलगा राहुल रॉय, अंतर सुमारे दहा वर्षे. १९९३ चा ‘गुमराह’ : मुलगी श्रीदेवी, अंतर पाच वर्षे. १९९४ चा ‘हम आपके हैं कौन’ : मुलगी माधुरी दीक्षित, अंतर नऊ वर्षे. आणि १९९९ चा ‘वास्तव’ : मुलगा संजय दत्त, अंतर एक वर्ष आणि एक महिना. ही आकडेवारी विनोद म्हणून समाजमाध्यमांवर फिरते. ती विनोद म्हणून वाचू नये.

१०/ कारण ही रीमा लागू यांची एकटीची गोष्ट नाही. १९७० च्या ‘जॉनी मेरा नाम’मध्ये सुलोचनाबाई देव आनंद यांच्या आई झाल्या, त्या ४२ वर्षांच्या होत्या आणि ‘मुलगा’ ४७ वर्षांचा. १९८२ च्या ‘शक्ती’मध्ये अमिताभ बच्चन यांच्या आई झालेल्या राखी त्यांच्यापेक्षा पाच वर्षांनी लहान. १९९० च्या ‘अग्निपथ’मध्ये रोहिणी हट्टंगडी ३८ वर्षांच्या, मुलगा अमिताभ ४७ चे. काळाच्या क्रमाने पाहिले तर आई जन्मण्याआधी मुलगा शाळेत जात होता. प्रेक्षकांनी हे मान्य केले, कारण नायकाचे वय न वाढणे हा हिंदी चित्रपटाचा अलिखित करार होता.

११/ हा रोग केवळ आपलाच आहे असेही समजू नये. हिचकॉक यांच्या १९५९ च्या ‘नॉर्थ बाय नॉर्थवेस्ट’मध्ये कॅरी ग्रँट यांच्या आईचे काम जेसी रॉइस लँडिस यांनी केले, दोघांत सुमारे सात वर्षांचे अंतर. १९६२ च्या ‘द मँच्युरियन कँडिडेट’मध्ये अँजेला लॅन्सबरी लॉरेन्स हार्वी यांच्या आई होत्या, अंतर केवळ तीन वर्षे. म्हणजे अंधेरी असो की हॉलीवूड, हिशोब एकच : नायकाभोवतीचा काळ थांबवायचा असेल तर त्याच्या आसपासच्या स्त्रियांचा काळ पुढे ढकलावा लागतो.

१२/ यावर एक आक्षेप येईल आणि तो रास्त आहे. अभिनय म्हणजेच आपण नसलेले होणे. मग तिशीच्या नटीने पन्नाशीची स्त्री करण्यात गैर काय? गैर काहीच नाही. १९८४ च्या ‘सारांश’मध्ये अनुपम खेर वयाच्या तिशीच्या आत निवृत्त म्हातारा झाले आणि रोहिणी हट्टंगडी ३३ व्या वर्षी त्याची पत्नी. दोघांचेही काम आजही पाहण्यासारखे आहे. प्रश्न वय वाढवण्याचा नाही. प्रश्न परत येण्याचा आहे. खेर दोनच वर्षांनी ‘कर्मा’त खलनायक डॉक्टर डँग झाले आणि पुढे विनोदी, करारी, खलप्रवृत्तीची, कोणत्याही वयाची माणसे करीत राहिले.

१३/ ‘मदर इंडिया’चे उदाहरण याहून बोलके आहे. नर्गिस आणि सुनील दत्त यांचा जन्म १९२९ च्या जून महिन्यातला, अवघ्या पाच दिवसांच्या अंतराने. पडद्यावर ती आई आणि तो मुलगा. परंतु तेथे चित्रपटाचे नावच आईचे आहे. राधा नववधू म्हणून येते, तरुणपणी नांगर ओढते, म्हातारी होते. तिचे संपूर्ण आयुष्य ही कथा आहे. नर्गिस यांना कार्लोव्ही व्हारी येथे सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा सन्मान मिळाला. आई करणे आणि केवळ कोणाची तरी आई करणे, यांत एवढे अंतर आहे.

१४/ येथे इतिहासाने एक विलक्षण योग जुळवून आणला. ‘मदर इंडिया’च्या शेवटी नर्गिस यांची राधा आपल्या मुलावर, म्हणजे सुनील दत्त यांच्या बिरजूवर, गोळी झाडते. त्यानंतर ४२ वर्षांनी महेश मांजरेकर यांच्या ‘वास्तव’मध्ये रीमा लागू यांची शांता आपल्या मुलावर, रघूवर गोळी झाडते. रघू कोण? नर्गिस आणि सुनील दत्त यांचा मुलगा संजय दत्त. प्रसंग तोच, नैतिक पेच जवळजवळ तोच. राधा धर्मासाठी मुलाला मारते. शांता त्याची यातना संपवण्यासाठी. परंतु राधेच्या वेळी पुरस्काराची वर्गवारी ‘अभिनेत्री’ होती, शांतेच्या वेळी ‘सहायक अभिनेत्री’.

१५/ ‘वास्तव’ पुन्हा पाहाल तेव्हा एक गोष्ट लक्षात घ्या. ती कथा शांता सांगते. समुद्रकिनारी श्राद्धासाठी आलेले कुटुंब, नातवाचा प्रश्न आणि आजीच्या तोंडून उलगडणारा भूतकाळ. म्हणजे चित्रपटाचा आवाज तिचा आहे आणि त्याचा शेवटही तिच्या हातून होतो. मध्यमवर्गीय चाळीतील आई, मुलगा गुंड झाला हे कळत असूनही त्याच्या ताटात वाढणारी, त्याने आणलेल्या पैशाकडे भीतीने पाहणारी. ती भूमिका सहायक का ठरते? केवळ तिच्या वाट्याला गाणे नाही आणि भित्तिपत्रकावर तिचा चेहरा मोठा नाही म्हणून.

१६/ फिल्मफेअरच्या या सहायक अभिनेत्री विभागाचा मराठी इतिहास मोठा आहे. १९५५ मध्ये हा पुरस्कार सुरू झाला तेव्हा तो ‘बादबान’साठी उषा किरण यांना मिळाला. ‘अनाडी’तील मिसेस डिसासाठी ललिता पवार यांना, ‘आरती’ आणि ‘गुमराह’साठी लागोपाठ दोनदा शशिकला यांना, ‘बिदाई’साठी दुर्गाबाई खोटे यांना, ‘अग्निपथ’साठी रोहिणी हट्टंगडी यांना. रीमा लागू यांना चार वेळा नामांकन मिळाले : ‘मैंने प्यार किया’, ‘आशिकी’, ‘हम आपके हैं कौन’ आणि ‘वास्तव’. पुरस्कार एकदाही नाही. चारही नामांकने आईच्या भूमिकांसाठी आहेत.

१७/ आता या आया एकमेकींशेजारी उभ्या करून पाहा. ‘मैंने प्यार किया’तील कौसल्या नवऱ्याच्या श्रीमंतीच्या अहंकाराविरुद्ध मुलाच्या बाजूने उभी राहते, तीही आवाज न चढवता. ‘आशिकी’तील आई नवऱ्याने टाकलेली आहे, तिच्या अंगावर अपमानाचे ओझे दिसते. ‘हम साथ साथ हैं’मधील ममता तर कैकेयीच्या वंशातील : प्रेमळ, पण कानाला हलकी, सावत्र मुलाला घराबाहेर काढणारी. आणि ‘वास्तव’मधील शांता. चार स्त्रिया, चार वर्ग, चार स्वभाव. ‘प्रेमळ आई’ हा शिक्का चौघींनाही मारणे म्हणजे कामाकडे न पाहणे होय.

१८/ यापूर्वीची हिंदी आई बहुधा विधवा, दरिद्री, शिवणयंत्रावर वाकलेली किंवा देवळाच्या पायरीवर हात जोडणारी असे. निरूपा रॉय यांच्या ‘दीवार’ने तो साचा पक्का केला. १९८८ नंतर नायक विशीतले आले, घरे श्रीमंत झाली आणि आईने मुलाची मैत्रीण व्हावे अशी अपेक्षा निर्माण झाली. ही नवी आई हुंदक्याने उभी राहत नाही. ती ऐकण्याने उभी राहते. समोरचा बोलत असताना रीमा लागू यांचा चेहरा काय करतो ते पाहा. वाक्य संपण्याआधीच तिला उत्तर कळलेले असते, आणि ते कळले आहे हे ती दिसू देत नाही. हे शिक्षण रंगभूमीचे.

१९/ निर्मात्यांना हे सोयीचेही होते. सहायक भूमिकेसाठी मोजके दिवस मिळतात. मोठ्या नायकाच्या तारखा मिळाल्या की त्यांतच आईचे सारे प्रसंग उरकायचे असतात. अशा वेळी पाठांतर पक्के असलेली, दिव्यांची जागा न चुकवणारी, पहिल्या दुसऱ्या वेळेतच दृश्य देणारी रंगभूमीची नटी ही बचत असते. मुंबईच्या मराठी रंगभूमीने हिंदी चित्रपटाला पिढ्यान्‌पिढ्या असे तयार कलावंत पुरवले. दादर, पार्ले, मुलुंड, बोरिवलीची नाट्यगृहे आणि अंधेरी गोरेगावचे स्टुडिओ यांच्यात एक न दिसणारा रस्ता आहे; त्यावरून एका दिशेला कौशल्य गेले, मोबदला त्या प्रमाणात परत आला नाही.

२०/ दूरचित्रवाणीने मात्र त्यांना दुसरे रूप दिले. नव्वदच्या दशकातील ‘श्रीमान श्रीमती’ आठवा. केशव कुलकर्णी शेजारच्या नटीवर लुब्ध आणि त्या नटीचा नवरा केशवच्या बायकोवर, कोकिळेवर लुब्ध. जतिन कनाकिया, राकेश बेदी, अर्चना पूरणसिंग आणि रीमा लागू. हे विनोदाचे काम आहे, घड्याळाच्या काट्यावर चालणारे. येथे एक लहानसा ऐतिहासिक मुद्दा आहे. चित्रपटात ज्या सुमारास त्या माधुरी दीक्षित यांच्या आई होत्या, त्याच सुमारास घरातील छोट्या पडद्यावर त्या शेजाऱ्याला मोहवणारी स्त्री होत्या. वय तेच, चेहरा तोच. बदलले होते ते पाहणाऱ्याचे डोळे.

२१/ सचिन पिळगांवकर दिग्दर्शित ‘तू तू मैं मैं’मध्ये त्या सुप्रिया पिळगांवकर यांच्या सासू झाल्या, दोघींत नऊ वर्षांचे अंतर. सासूसुनेचे भांडण हा आपल्याकडील सर्वांत झिजलेला विषय. परंतु या मालिकेतील देवकी ललिता पवारांच्या परंपरेतील कजाग सासू नव्हती. ती हरत असे, रुसत असे, डाव टाकत असे आणि स्वतःवर हसूही देत असे. दोन मराठी अभिनेत्रींनी हिंदी प्रेक्षकांच्या घरांत वर्षानुवर्षे ही जुगलबंदी चालवली. पुढे आलेल्या कटकारस्थानी सासवांच्या तुलनेत ती आज फारच माणसाळलेली वाटते.

२२/ आणि शेवटची भूमिका? महेश भट्ट यांच्या ‘नामकरण’ या मालिकेतील दयावंती मेहता : कठोर, सूड धरणारी, घरावर हुकमत गाजवणारी आजी. हिंदी पडद्याची प्रेमळ आई म्हणून जिला निरोप दिला गेला, ती अभिनेत्री मृत्यूच्या आदल्या दिवशी एक खलस्त्री रंगवत होती. मला वाटते, त्यांच्या कारकिर्दीविषयी याहून नेमके भाष्य कोणी करू शकणार नाही. मराठीतही २०१३ च्या गजेंद्र अहिरे यांच्या ‘अनुमती’सारख्या चित्रपटात त्यांनी उतारवयातील स्नेहाचे शांत काम केले. ते पाहिले नसेल तर अवश्य पाहावे.

२३/ आता वय ५८ या आकड्याकडे परत येऊ. २०१७ मध्ये, ज्या वर्षी रीमा लागू गेल्या, त्याच वर्षी ५८ वर्षांचे संजय दत्त ‘भूमी’ चित्रपटातून पडद्यावर परतले. तेथे ते एका तरुण मुलीचे वडील होते, आणि तेच चित्रपटाचे नायक होते. ५१ वर्षांचे सलमान खान ‘ट्यूबलाइट’चे नायक होते. मुलांची कारकीर्द चालू होती. वर उल्लेख केलेल्या अँजेला लॅन्सबरी यांनी ५८ व्या वर्षी ‘मर्डर, शी रोट’ ही मालिका सुरू केली आणि बारा हंगाम ती स्वतःच्या नावावर चालवली. म्हणजे हे अशक्य नसते. त्यासाठी कोणीतरी पन्नाशीच्या स्त्रीची कथा लिहावी लागते.

२४/ सुदैवाने तशा कथा आता लिहिल्या जात आहेत. २०२० च्या ‘थप्पड’च्या दोन लेखकांपैकी एक मृण्मयी लागू, रीमा लागू यांची कन्या. त्या चित्रपटात नायिकेची आई आहे. घरासाठी तिने आपले गाणे सोडले आहे, आणि कथेच्या ओघात ते सोडणे प्रश्न होऊन समोर येते. आईलाही स्वतःची अपुरी राहिलेली इच्छा असते, एवढी साधी गोष्ट नोंदवायला हिंदी पडद्याला बराच काळ लागला. मी यातून मायलेकींविषयी काही तर्क काढू इच्छित नाही. भूमिका कागदावर कशी लिहिली जाते यावर सारे ठरते, एवढेच दाखवायचे आहे.

२५/ शेवटी आपल्या हातातील काम. ‘मैंने प्यार किया’ आज कोणालाही क्षणात पाहता येतो, ‘वास्तव’ही. १९८० च्या दशकातील अंबिका किंवा सविता मात्र तशी पाहता येत नाही. प्रयोग पडदा पडताच संपतो आणि पाहणाऱ्याच्या आठवणीत उरतो. ते प्रेक्षक आज साठीच्या पुढे आहेत. त्यांच्याबरोबर ही अर्धी कारकीर्दही जाईल आणि उरेल ती फक्त ‘आई’. चित्रपटांचा ठेवा जपायला पुण्यात राष्ट्रीय संग्रहालय आहे; नाटकांच्या आठवणींना घराघरांतील कपाटांखेरीज दुसरे संग्रहालय नाही.

२६/ म्हणून विनंती. तुमच्यापैकी कोणी, किंवा तुमच्या घरातील वडीलधाऱ्यांनी, ‘पुरुष’, ‘सविता दामोदर परांजपे’ किंवा रीमा लागू यांचे कोणतेही नाटक पाहिले असेल तर या धाग्याखाली लिहा. कोणते नाट्यगृह, साधारण कोणते वर्ष, सोबत कोण नट होते, कोणता प्रसंग अजून डोळ्यांसमोर आहे. जाहिरातीचे कात्रण, तिकिटाचा तुकडा, प्रयोगाचे हस्तपत्रक असेल तर त्याचे छायाचित्र जोडा. ‘फार छान काम होते’ एवढ्यावर थांबू नका. त्या कशा उभ्या राहिल्या, आवाज कोठे खाली आणला, कोणत्या वाक्याला प्रेक्षागृह गप्प झाले, ते लिहा. पुढील आठवड्यात या नोंदी एकत्र करून येथेच देईन.